ब्रॉन्को बिली आणि फुटावर विकलेला सिनेमा

क्युपर्टिनोत राहतो म्हटलं की भारतातून येणारा पुढचा प्रश्न ठरलेला असतो, "म्हणजे ॲपलच्या जवळ का?" हो, जवळच. पण ॲपलबद्दल लिहायला जगात खूप लोक आहेत. आज लिहायचंय ते इथून वाहतूक नसेल तर पाऊण तासाच्या आत गाठता येणाऱ्या एका गावाबद्दल, आणि तिथे चार वर्षं सिनेमाचा कारखाना चालवलेल्या एका माणसाबद्दल.

गावाचं नाव नाइल्स. खरं तर आता ते वेगळं गाव नाही. १९५६ साली पाच लहान गावं एकत्र करून फ्रीमाँट हे शहर झालं, त्या पाचातलं हे एक. फ्रीमाँट आपल्या लोकांना चांगलं परिचयाचं आहे. देशी वाणसामान, इडली-डोशाची हॉटेलं, टेस्लाचा कारखाना, सगळं तिथे. पण नाइल्स त्या गर्दीपासून जरा बाजूला, डोंगराच्या कुशीत आहे. एकच मुख्य रस्ता, जुन्या वस्तूंची दुकानं, रेल्वेचे रूळ आणि मागच्या टेकडीवर गावाचं नाव मोठ्ठ्या पांढऱ्या अक्षरांत लिहिलेलं. ती अक्षरं पाहिली की हॉलिवुडच्या पाटीची आठवण होते.

१९१३ सालच्या मे महिन्यात गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' लागला. त्यानंतर महिन्याभरातच इकडे नाइल्समध्ये एस्सने कंपनीचा नवा स्टुडिओ उभा राहिला. त्या स्टुडिओचा मालक, दिग्दर्शक, बऱ्याचदा कथालेखक आणि मुख्य नट एकच होता. तो म्हणजे गिल्बर्ट अँडरसन, पडद्यावरचं नाव ब्रॉन्को बिली. जगातला पहिला काउबॉय हिरो.

आता या 'अस्सल अमेरिकन' काउबॉयची जन्मकुंडली बघा. मूळ नाव मॅक्सवेल हेन्री ॲरनसन. जन्म २१ मार्च १८८०, आर्कान्सा राज्यातल्या लिटल रॉक इथे, एका ज्यू कुटुंबात. नट व्हायचं म्हणून न्यूयॉर्कला आला. ॲरनसनचा अँडरसन झाला. नाटकांत बारीकसारीक कामं आणि छायाचित्रकारांसमोर मॉडेल म्हणून उभं राहणं, यावर पोट भरत होतं. गुराख्याच्या आयुष्याशी त्याचा काडीचाही संबंध नव्हता.

१९०३ साली एडिसनच्या कंपनीत एडविन पोर्टर 'द ग्रेट ट्रेन रॉबरी' हा चित्रपट करत होता. लांबी जेमतेम बारा मिनिटं, पण सिनेमाच्या इतिहासाची कुठलीही पुस्तकं उघडा, हा चित्रपट असतोच. घोड्यावर बसता येतं का, असं अँडरसनला विचारलं. तो म्हणाला, येतं की! प्रत्यक्ष चित्रीकरणाच्या दिवशी, सांगतात, स्वारी भलत्याच बाजूने घोड्यावर चढायला गेली आणि घोड्याने तिला खाली टाकलं. तेव्हा घोडेस्वारी रद्द. त्याऐवजी त्याला तीन वेगवेगळ्या भूमिका मिळाल्या. एक दरोडेखोर, एक पळून जाताना पाठीत गोळी खाणारा प्रवासी आणि एक शहरी नवखा, ज्याच्या पायाशी गोळ्या झाडून लोक त्याला नाचवतात. (एकाच चित्रपटात अनेक भूमिका म्हटलं की मला आपले अण्णा साळुंके आठवतात. १९१७ च्या 'लंका दहन'मध्ये राम आणि सीता दोन्ही तेच होते!)

चित्रपट थिएटरात लागल्यावर लोकांचा आरडाओरडा, उड्या आणि 'पुन्हा दाखवा' बघून अँडरसनने नाटकाचा नाद सोडला. पुढची तीन-चार वर्षं या कंपनीत, त्या कंपनीत काम शिकला. मग १९०७ साली शिकागोला जॉर्ज स्पूर नावाच्या गृहस्थाबरोबर भागीदारी केली. स्पूरचा एस आणि अँडरसनचा ए, म्हणून कंपनीचं नाव एस्सने. कंपनीचं बोधचिन्ह होतं एका पिसांच्या टोपवाल्या इंडियनचं डोकं, तिकडच्या तांब्याच्या एका पेनीवर असायचं तसं. इथला 'इंडियन', आपण नव्हे. हा घोळ कोलंबसाने घालून ठेवलाय तो अजून निस्तरलेला नाही, असो.

दोघा भागीदारांची स्वभावं समजून घेण्यासारखी आहेत. स्पूर हा धंद्यातला माणूस. चित्रपट भाड्याने देणं, प्रोजेक्टर पुरवणं हा त्याचा मूळ व्यवसाय. शिकागोत बसून हिशेब बघणं त्याला आवडायचं. अँडरसनला एका जागी बसवत नसे. शिकागोच्या हिवाळ्यात उजेड मिळत नाही, म्हणून तो कॅमेरा आणि चमू घेऊन पश्चिमेला भटकू लागला. त्या काळी फिल्म इतकी मंद होती की ऊन हाच खरा दिवा. स्टुडिओ म्हणजे लाकडी फलाट, वरून छप्पर नाही, ऊन जरा मऊ व्हावं म्हणून पातळ पांढरं कापड ताणलेलं. फाळके दादरला हेच करत होते. शिवाय त्या फिल्मला लाल रंग दिसत नसे. लाल वस्तू काळी यायची आणि निळं आकाश पांढरंफटक. जुन्या मूकपटांत ओठ काळेठिक्कर का दिसतात आणि ढग का दिसत नाहीत, याचं उत्तर हे असं रसायनशास्त्रात आहे.

फिरत फिरत १९१२ च्या एप्रिलमध्ये तो नाइल्सला आला आणि तिथलाच झाला. कारण सोपं आहे. गावाबाहेर पडलं की नाइल्सची खिंड. ओढा, कडे, वळणावळणाचा रस्ता आणि त्यातून जाणारी रेल्वे. दरोड्याच्या गोष्टीला लागणारं सगळं नेपथ्य फुकट आणि गावापासून हाकेच्या अंतरावर. रेल्वेमुळे सान फ्रान्सिस्कोही जवळ.

आता इथे जरा गणित करू. एका रिळाची लांबी १००० फूट. ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर एका फुटात १६ चौकटी बसतात. म्हणजे एका रिळात १६,००० चौकटी. सेकंदाला १६ चौकटी या वेगाने चालवलं तर १००० सेकंद, साधारण सतरा मिनिटं. सिनेमा म्हणजे एक रीळ, हे तेव्हाचं माप होतं. एस्सनेने नाइल्समध्ये एप्रिल १९१२ ते फेब्रुवारी १९१६ या काळात साडेतीनशेहून जास्त चित्रपट काढले. आठवडे झाले दोनशे. म्हणजे आठवड्याला जवळपास दोन चित्रपट! एक काउबॉयचा, एक विनोदी, असा रतीब. आजकालच्या मालिकावाल्यांनासुद्धा धाप लागेल.

या रतीबातूनच ब्रॉन्को बिली घडला. हे नाव पीटर काइन या लेखकाच्या कथेतलं. १९१० साली अँडरसनने त्यावरून पहिला चित्रपट केला. मुख्य भूमिकेला मनासारखा नट मिळेना म्हणून स्वतःच उभा राहिला. दिसायला काही राजबिंडा नव्हता. अंगाने जाडजूड, नाक मोठं. पण लोकांना तो आवडला. मग त्याच नावाचा दुसरा, तिसरा, असं करत सुमारे दीडशे चित्रपट. गोष्टी एकमेकींना जोडलेल्या नाहीत. एका चित्रपटात बिली शेरीफ, पुढच्यात दरोडेखोर. प्रेक्षकांचं काही म्हणणं नसे. चेहरा तोच आणि नाव तेच, एवढं पुरे होतं.

बिलीचा ठरलेला साचा म्हणजे वाईट मार्गाला लागलेला पण आतून चांगला माणूस. पोलीस मागे लागलेत, सुटायची संधी आहे, आणि नेमकं वाटेत एखादं आजारी पोर किंवा अडचणीतली बाई भेटते. बिली पळणं सोडून मदत करतो आणि पकडला जातो किंवा सुधारतो. वाल्याचा वाल्मीकी ऐकत वाढलेल्या आपल्याला यात नवीन काय वाटणार? पण पडद्यावर हा साचा पक्का केला तो याने. तिथून तो हॉलिवुडच्या वेस्टर्न पटांत गेला आणि तिथून फिरून आपल्याकडे आला. 'शोले'तले जय आणि वीरू कोण आहेत? दोन भुरटे चोर, आतून चांगले. आणि ठाकूरला ते पहिल्यांदा कुठे पटतात? रेल्वेवरच्या दरोड्यात.

हे सगळं वाचून वाटेल की हा माणूस आयुष्यभर राजासारखा जगला असेल. तसं झालं नाही. का झालं नाही, हे मला या कथेतलं सगळ्यात महत्त्वाचं वाटतं.

त्या काळी चित्रपट कसा विकला जायचा ठाऊक आहे? फुटावर. कापडाच्या ताग्यासारखा. दर फुटाला दहा सेंटच्या आसपास, म्हणजे एका रिळाची प्रत साधारण शंभर डॉलरला. आत कोण आहे, गोष्ट चांगली की टाकाऊ, याचा भावाशी संबंध नाही. १९०८ च्या डिसेंबरात एडिसनच्या पुढाकाराने पेटंटधारक कंपन्यांचा एक संघ झाला. एस्सने त्यात सामील होती. कॅमेरा, प्रोजेक्टर, फिल्म, सगळ्यांची पेटंटं यांच्या मुठीत. बाहेरच्याने चित्रपट काढला की खटला. या व्यवस्थेला एकसारखा माल हवा होता. एक रीळ, ठरलेला दर, ठरलेला वार. नटांची नावं जाहीर करायलाही सुरुवातीला कंपन्या तयार नसत. उगाच पगार मागतील ना!

अशा व्यवस्थेच्या आत बसून अँडरसनने एक गोष्ट सिद्ध करून दाखवली होती. लोक फूट बघायला येत नाहीत, माणूस बघायला येतात. गेल्या आठवड्यात पाहिलेला माणूस या आठवड्यात पुन्हा दिसावा म्हणून येतात. पण हा शोध ज्याने लावला त्याने तो स्वतःच्या दुकानात शेवटपर्यंत वापरला नाही. बिली लोकप्रिय झाला आणि तरी तो फुटावरच विकला जात राहिला. या खोऱ्यात राहून अशा कंपन्यांच्या कथा इतक्या ऐकल्यात की मला हे ओळखीचं वाटतं. नवीन गोष्ट हाताशी असते, पण कमाई जुन्या मापाने चाललेली असते आणि ती बरी चाललेली असते.

चार्ली चॅप्लिनच्या प्रकरणात हे अगदी उघड दिसतं. १९१४ च्या अखेरीला चॅप्लिनचा कीस्टोन कंपनीशी करार संपला. त्याने आठवड्याला हजार डॉलर मागितले, मालकाला ते परवडेनात. अँडरसनने आठवड्याला १२५० डॉलर आणि वर १०,००० डॉलर बोनस कबूल करून त्याला उचललं. कीस्टोनमध्ये चॅप्लिनची सुरुवात दीडशे डॉलरवर झाली होती, म्हणजे एका वर्षात केवढी उडी! अँडरसनला त्याची किंमत कळली होती. स्पूरला नाही. चॅप्लिनने आत्मचरित्रात लिहिलंय की तो शिकागोला पोचला तर बोनस द्यावा लागेल म्हणून स्पूर भेटायचंच टाळत होता. चित्रपटगृहांकडून मागण्यांचा ढीग पडला तेव्हा कुठे पैसे हातात आले.

शिकागोची थंडी चॅप्लिनला मानवली नाही. १९१५ च्या जानेवारीत तो नाइल्सला आला. लक्षाधीश अँडरसनचं घर म्हणजे महाल असणार, अशी त्याची कल्पना. निघाली एक बोडकी बंगली. लोखंडी खाट, तिच्या डोक्याशी लोंबणारा दिवा, एक डुगडुगतं टेबल, आणि न्हाणीघर असं की संडासात पाणी टाकायला नळाखाली जग भरून न्यावा लागे. चॅप्लिनने हे वर्णन मिटक्या मारत केलंय. मला मात्र त्यात अँडरसनच जास्त दिसतो. आठवड्याला एक चित्रपट पडद्यावर न्यायचा म्हटल्यावर त्याला घर म्हणजे पाठ टेकायची जागा. नाइल्सला चॅप्लिन जेमतेम तीन महिने राहिला आणि त्याने पाच चित्रपट केले. पाचवा 'द ट्रॅम्प'. शेवटी पाठमोरा चार्ली रस्त्याने एकटा निघून जातो, खांदे पडलेले, मग एकदम झटकून दुडक्या चालीने पुढे. ती पुढे त्याची खूण झालेली पाठमोरी चाल इथल्या मातीच्या रस्त्यावरची आहे.

मग तो लॉस एंजेलिसला गेला आणि वर्षाच्या शेवटी कंपनीतूनच गेला. म्युच्युअल कंपनीने त्याला आठवड्याला १०,००० डॉलर आणि दीड लाखाचा बोनस दिला. वर्षाचे झाले सहा लाख सत्तर हजार. त्याच्या माघारी एस्सनेने त्याच्या 'कार्मेन'वरच्या दोन रिळांच्या विडंबनाला उरलेसुरले तुकडे जोडून चार रिळं केली आणि विकली. चॅप्लिन कोर्टात गेला आणि हरला. पुन्हा तेच बघा, माणूस गेला, तर फूट वाढवा!

तोवर बाहेर काळ बदलला होता. १९१४-१५ मध्ये पाच-सहा रिळांचे, त्याहून मोठेही, चित्रपट येऊ लागले. 'बर्थ ऑफ अ नेशन' तर तीन तासांचा. विल्यम हार्टसारखा नट लांबलचक, गंभीर वेस्टर्न करू लागला. ऑक्टोबर १९१५ मध्ये कोर्टाने पेटंट संघ बेकायदा ठरवला. नाइल्सचा कारखाना मात्र एका-दोन रिळांच्या मापातच चालू होता. अँडरसन आणि स्पूर यांचं आता पटेना. १९१६ साली अँडरसनने आपला हिस्सा स्पूरला विकला. १६ फेब्रुवारी १९१६ ला नाइल्सचा स्टुडिओ बंद झाला. शिकागोचीही कंपनी पुढे दोनेक वर्षांत गुंडाळली गेली. नाइल्सची इमारत १९३३ साली पाडली.

अँडरसन तेव्हा फक्त ३५-३६ वर्षांचा होता. त्याने न्यूयॉर्कला जाऊन लाँगएकर थिएटर घेतलं आणि नाटकं काढू लागला. गंमत म्हणजे थोड्याच वर्षांनी आपले फाळकेही भागीदारांशी बिनसल्यावर कंपनी सोडून काशीला गेले आणि तिथे 'रंगभूमी' नावाचं नाटक लिहिलं. दोघांचीही नाटकं फारशी चालली नाहीत. फाळके परत कंपनीत आले. अँडरसनही सिनेमात परतला, निर्माता म्हणून. स्टॅन लॉरेलला घेऊन छोटे विनोदपट काढले. त्यातल्या 'द लकी डॉग'मध्ये ऑलिव्हर हार्डी नावाचा एक नट होता. लॉरेल आणि हार्डी पडद्यावर पहिल्यांदा एकत्र आले ते इथे, जोडी जमायच्या कितीतरी वर्षं आधी. चॅप्लिन ओळखला, लॉरेल ओळखला. दुसऱ्याचा चेहरा ओळखायची नजर या माणसाला होती हे कबूल करायला हवं. पण वितरण करणाऱ्या मेट्रो कंपनीशी वाजलं आणि तेही संपलं.

मग खूप वर्षांची शांतता. ती मोडली एका खटल्याने. १९४३ च्या सुमारास पॅरामाउंटचा 'स्टार स्पँगल्ड रिदम' चित्रपट आला. त्यात 'ब्रॉन्को बिली' नावाने एकेकाळी गाजलेला एक म्हातारा नट आहे, जो आता स्टुडिओच्या फाटकावर पहारेकरी आहे. साठी ओलांडलेल्या अँडरसनने नऊ लाख डॉलरचा दावा लावला. रक्कम बघून हसू येईल. मला नाही आलं. नाव तेवढंच त्याच्याकडे उरलं होतं, आणि तेही कोणी न विचारता घेतलं होतं.

ऑस्करवाल्यांनी १९४८ साली सिनेमाच्या आद्य मंडळींना मानाचे पुरस्कार दिले, त्यात जॉर्ज स्पूर होता. अँडरसनला तो मान मिळायला १९५८ उजाडलं. तो ७८ वर्षांचा होता, आणि हा माणूस अजून आहे हे बऱ्याच जणांना तेव्हाच कळलं. १९६५ मध्ये 'द बाउंटी किलर' नावाच्या वेस्टर्नमध्ये त्याने क्षणभर दर्शन दिलं. २० जानेवारी १९७१ ला तो गेला, नव्वद वर्षांचा होऊन.

त्याच्या साडेतीनशे नाइल्स-पटांपैकी फार थोडे उरलेत. नायट्रेटची फिल्म जळते, कुजते, आणि एका आठवड्यानंतर जुन्या रिळाला कोणी विचारत नसे. आपल्याकडे वेगळं काय झालं? सुमारे तेराशे मूकपटांतले पुरे-अपुरे धरून तीसेक उरले असतील.

नाइल्सच्या मुख्य रस्त्यावर १९१३ साली बांधलेलं छोटं एडिसन थिएटर मात्र आहे आणि त्यात आता मूकपटांचं संग्रहालय चालतं. डेव्हिड कीन हे तिथले इतिहासकार, एस्सनेवरचं मुख्य पुस्तक त्यांचंच. संशोधन कसं करावं याचा त्यांनी एक धडाच घालून दिलाय. सान फ्रान्सिस्कोच्या मार्केट स्ट्रीटवरून ट्रामच्या पुढच्या भागात कॅमेरा ठेवून घेतलेली एक जुनी फिल्म आहे. ती १९०५ ची मानली जायची. कीन यांनी रस्त्यावरची डबकी, सावल्या, मोटारींच्या नंबरपाट्या आणि जुन्या वर्तमानपत्रांतलं हवामान ताडून दाखवलं की ती एप्रिल १९०६ ची आहे, म्हणजे शहर उद्ध्वस्त करणाऱ्या भूकंपाच्या अगदी काही दिवस आधीची. डॉक्टरेट करताना असा एखादा पुरावा हाती लागला असता तर मी पेढे वाटले असते.

तिथे मूकपट पियानोच्या साथीवर दाखवतात. अधूनमधून ब्रॉन्को बिलीही असतो. गोष्ट पहिल्या दोन मिनिटांत कळते, त्यामुळे माझं लक्ष दुसरीकडेच असतं. तो घोड्याजवळ गेला की मी सरसावून बसतो, कुठल्या बाजूने चढतोय ते बघायला.